खवले मांजर मांजर नव्हे: प्राण्यांची शास्त्रीय नावं खालून वर कशी वाचायची

वर्गीकरणाचा धडा बहुतेक शाळांत वरून खाली शिकवला जातो. सृष्टी, संघ, वर्ग, गण, कुल, प्रजाती, जाती ही सात नावं घोकायची, समोर वाघाचं उदाहरण लिहायचं आणि परीक्षा झाली की विसरायचं. माझं म्हणणं असं की ही शिडी खालून चढावी. रोजच्या ओळखीचा एक प्राणी घ्यावा, त्याचं दोन शब्दांचं नाव नीट वाचावं आणि मग एकेक पायरी वर जावं.

आपल्या बेळगावकडच्या, महाराष्ट्र-कर्नाटक सीमाभागात तर याची गरज दुप्पट आहे, कारण इथे एका प्राण्याला एक नाव कधीच नसतं. कणकुंबीचा माणूस ज्याला गवा म्हणतो, त्याला बैलहोंगलकडचा शेतकरी काडेम्मे किंवा काडुकोण म्हणेल, आणि चोर्ला घाट उतरून गोव्यात गेलात की तोच गवो रेडो होतो. वनखात्याच्या पाटीवर कन्नड आणि इंग्रजी, घरात मराठी, आणि इंटरनेटवर शोधावं तर चौथंच काहीतरी. या सगळ्यांना एका जागी बांधणारं नाव म्हणजे बॉस गॉरस.

आधी शब्दांचा घोळ निस्तरा

मराठी पुस्तकांत ‘जीनस’साठी प्रजाती आणि ‘स्पीशीज’साठी जाती हे शब्द आहेत. हिंदीत जीनसला वंश म्हणतात आणि स्पीशीजसाठी सर्रास प्रजाती वापरतात. हिंदी बातम्यांवरून मराठी बातम्या लिहिल्या जातात, त्यामुळे ‘दुर्मिळ प्रजातीचा साप सापडला’ असं वर्तमानपत्रात वाचलं तर बहुधा तिथे जाती म्हणायचं असतं. कन्नडमध्ये स्पीशीजला प्रभेद म्हणतात आणि आपलं कुल तिथे कुटुंब होतं. दहावीपर्यंत मराठी माध्यम, पीयूसीला, म्हणजे अकरावी-बारावीला, विज्ञान इंग्रजीत आणि शेजारच्या बाकावर कन्नड माध्यमातून आलेला मित्र, अशी ज्यांची स्थिती असते त्यांची इथेच दांडी उडते.

म्हणून पहिलं काम हे करा. वहीच्या शेवटच्या पानावर सात ओळी लिहून ठेवा: किंगडम सृष्टी, फायलम संघ, क्लास वर्ग, ऑर्डर गण, फॅमिली कुल, जीनस प्रजाती, स्पीशीज जाती. शेजारी कन्नड शब्दांसाठी जागा सोडा आणि ते कन्नड माध्यमाच्या पुस्तकातून पाहून भरा. या लेखातही जाती आणि प्रजाती हे शब्द मराठी पाठ्यपुस्तकांच्याच अर्थाने आले आहेत.

दोन शब्द, दोन कामं

बॉस गॉरस यातला पहिला शब्द प्रजातीचा, दुसरा जातीचा. रोमन लिपीत लिहिताना पहिल्याचं पहिलं अक्षर मोठं, दुसऱ्याचं नेहमी लहान, मग तो शब्द माणसाच्या किंवा गावाच्या नावावरून का आलेला असेना. छापताना दोन्ही शब्द तिरप्या ठशात, हाताने लिहिताना दोन्हींखाली रेघ, आणि तीही वेगवेगळी. एकाच लेखात नाव दुसऱ्यांदा आलं तर प्रजातीचं फक्त आद्याक्षर दिलं तरी चालतं, पण आधी एकदा पूर्ण नाव द्यायला हवं.

दुसरा शब्द एकटा कधीच वापरू नका. नुसतं ‘इंडिका’ म्हटलं तर काही कळत नाही. शेकरू रतुफा इंडिका आहे आणि जवादी मांजर व्हायव्हेरिक्युला इंडिका. पहिला शब्द मात्र एकटाही बोलतो. गव्याची प्रजाती बॉस, आणि आपल्या गोठ्यातल्या गायी-बैलांची प्रजातीही बॉसच. म्हशीचं नाव ब्युबॅलस ब्युबॅलिस. म्हणजे गवारेडा नावात रेडा असूनही तो रेड्यापेक्षा बैलाला जवळचा. काडेम्मे या नावातही एम्मे म्हणजे म्हैस आहेच, तेव्हा इथे मराठी आणि कन्नड दोघंही सारखेच फसलेत.

आता उच्चाराचं. शास्त्रीय नाव अधिकृत असतं ते फक्त लॅटिन वर्णमालेत. देवनागरीत आपण लिहितो तो उच्चाराचा अंदाज, आणि त्यावरून स्पेलिंग काढायला गेलात तर चुकाल. धामणीची प्रजाती पी-टी-वाय-ए-एस अशी लिहितात, पण सुरुवातीचा प बहुतेक जण उच्चारत नाहीत, टायस म्हणतात. उच्चारावरून कोणी हसलं तर हसू द्या. इंग्लंडचा, जर्मनीचा आणि धारवाडचा प्राध्यापक हीच नावं आपापल्या पद्धतीने म्हणतात. स्पेलिंगमध्ये मात्र एका अक्षराचीही सूट नाही, म्हणून वहीत नाव रोमनमध्येच उतरवा.

नावामागचं नाव, साल आणि कंस

नीट छापलेल्या यादीत जातीच्या नावापुढे एक आडनाव आणि साल असतं. हा भाग विद्यार्थी गाळतात, आणि मला तर हाच सगळ्यात रंगतदार वाटतो. ते आडनाव त्या जातीचं वर्णन पहिल्यांदा छापणाऱ्याचं आणि साल त्या छपाईचं. मोराचं नाव पाव्हो क्रिस्टॅटस लिनियस, १७५८. स्वीडनचे कार्ल लिनियस यांच्या ‘सिस्टिमा नॅचुरी’ या ग्रंथाची दहावी आवृत्ती १७५८ ची, आणि प्राण्यांच्या नावांचा हिशेब १ जानेवारी १७५८ पासून सुरू झाला असं नियमाने मानलं जातं. त्याआधीचं नाव कितीही सुंदर असलं तरी चालत नाही.

आता नागाचं पाहा: नाजा नाजा (लिनियस, १७५८). इथे कंस आला. कंसाचा अर्थ, ज्याने नाव दिलं त्याने ही जाती दुसऱ्या प्रजातीत टाकली होती आणि नंतर कोणीतरी ती हलवली. मोराला कंस नाही, कारण लिनियसने पाव्हो म्हटलं ते अजून पाव्होच आहे. वाघाचं पँथेरा टायग्रिस (लिनियस, १७५८), कारण लिनियसने वाघाला मांजराच्या फेलिस प्रजातीत बसवलं होतं. म्हणजे कंस चुकून पडत नाही आणि हौसेने घालायचाही नसतो.

कंसामागे कधी कधी अख्खी गोष्ट असते. खानापूरच्या जंगलातल्या अस्वलाचं नाव मेलर्सस अर्सिनस (शॉ, १७९१). जॉर्ज शॉ यांनी १७९१ साली या प्राण्याचं वर्णन केलं तेव्हा लांब नख्या पाहून त्याला दक्षिण अमेरिकेतल्या, झाडाला उलटं लटकणाऱ्या स्लॉथच्या ब्रॅडिपस प्रजातीत टाकलं. अर्सिनस म्हणजे अस्वलासारखा. स्लॉथ, पण अस्वलासारखा, असा त्यांचा हिशेब. पुढे तो अस्वलच आहे हे लक्षात आलं, प्रजाती बदलली, पण जातीचा शब्द तसाच राहिला. आता नावाचा अर्थ होतो ‘अस्वलासारखं मधाचं अस्वल’. इंग्रजीत याला अजून स्लॉथ बेअर म्हणतात ते त्याच गोंधळाचं शेपूट.

आपल्या नद्यांचे मासे पाहा. विल्यम हेन्री साइक्स हे ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई फौजेतले अधिकारी. दख्खनमध्ये फिरताना त्यांनी मासे गोळा केले आणि कोळ्यांच्या तोंडची नावं तशीच शास्त्रीय नावांत घातली. स्पेराटा सीनघाला (साइक्स, १८३९) मोठ्याने म्हणा, बाजारातला शिंगाळा ऐकू येईल. टोर खुद्री (साइक्स, १८३९) हा महसीर. त्याहून थेट नाव एका मराठी शास्त्रज्ञाने दिलेलं: नियोट्रोपियस खवलचोर कुलकर्णी, १९५२. कृष्णेच्या खोऱ्यातला हा छोटा मासा दुसऱ्या माशांचे खवले खातो, म्हणून खवलचोर. इथे कंस नाही, म्हणजे जातीबरोबर प्रजातीही अजून तीच आहे.

दुसरा शब्द फोडून पाहा, पण त्यावर विसंबू नका

शेवटचे काही प्रत्यय ओळखता आले की निम्मं काम होतं. ‘एन्सिस’ म्हणजे त्या ठिकाणचा. चोर्ला परिसरातून २००७ साली एका देवगांडुळाचं, म्हणजे बिनपायाच्या उभयचराचं, वर्णन झालं. त्याचं नाव गेजेनिओफिस म्हादेइएन्सिस. म्हादईच्या पाण्यावरून तीन राज्यं कोर्टात भांडत असली तरी या प्राण्याच्या नावात ती नदी कायमची बसली आहे. पुरुषाच्या नावापुढे ‘आय’, बाईच्या नावापुढे ‘ए-ई’, अनेक पुरुषांच्या किंवा पुरुष-बायकांच्या गटासाठी ‘ओरम’.

‘आय’चं उत्तम उदाहरण आपल्या खानापूर तालुक्यातच आहे. भीमगड अभयारण्यात तळेवाडीजवळच्या बारापेडे गुहेतलं वटवाघूळ, ओटोमॉप्स रॉटनी (थॉमस, १९१३). रॉटन हे वनखात्यातले अधिकारी आणि बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचे सभासद. ज्या नमुन्यावरून जातीचं पहिलं वर्णन होतं त्याला मूळ नमुना किंवा होलोटाइप म्हणतात, आणि तो जिथे मिळाला ते ठिकाण म्हणजे मूळ स्थान, इंग्रजीत टाइप लोकॅलिटी. या वटवाघळाचं मूळ स्थान बारापेडे. जगभरच्या शास्त्रीय लेखांत खानापूर तालुक्यातली ही गुहा अशी नोंदली गेली आहे. वाचून उत्साहाने तिकडे निघू नका. परवानगीशिवाय अभयारण्यात जाता येत नाही आणि गुहेतल्या गडबडीने वटवाघळं वस्ती सोडतात.

विशेषण असेल तर दुसरा शब्द पहिल्याच्या लिंगाप्रमाणे बदलतो. टिटवी व्हॅनेलस इंडिकस, शेकरू रतुफा इंडिका. धामणीला कित्येक वर्षं टायस म्युकोसस म्हणत. टायस हा शब्द स्त्रीलिंगी आहे हे दाखवलं गेलं आणि म्युकोसा झालं. जुन्या पुस्तकात आणि नव्या यादीत असा फरक दिसला तर तो वेगळा साप समजू नका.

अर्थावर मात्र फार भिस्त नको. उदमांजराचं नाव पॅराडॉक्झुरस हर्माफ्रोडिटस. अर्थ पाहून वाटेल की हा प्राणी उभयलिंगी आहे. तसं काही नाही, नर नर असतो आणि मादी मादी. नाव म्हणजे वर्णनाची हमी नव्हे, आणि चुकीच्या अर्थाचं नाव निव्वळ त्या कारणासाठी बदलताही येत नाही.

कुलाची पायरी: तीन मांजरं आणि एक तरस

इथे सावकाश चला, कारण शिडीचा खरा उपयोग इथे आहे. प्राण्यांच्या कुलाचं नाव ‘इडी’ने संपतं, उपकुलाचं ‘इनी’ने. कुलाचं नाव एका प्रजातीवरून बनवतात: फेलिसवरून फेलिडी, कॅनिसवरून कॅनिडी, बॉसवरून बोव्हिडी. गणाला असा ठरलेला शेवट नाही. पक्ष्यांत ‘फॉर्मिस’ दिसतो, पण ती वहिवाट आहे.

आता वहीत तीन नावं लिहा: खवले मांजर, उदमांजर, पाणमांजर. त्यांच्यापुढे कन्नड नावं घाला. खवले मांजर तिकडे चिप्पुहंदी, हंदी म्हणजे डुक्कर. उदमांजर पुनुगु बेक्कु, बेक्कु म्हणजे मांजर. पाणमांजर नीरुनायी, नायी म्हणजे कुत्रा. मराठीत तिन्ही मांजरं. कन्नडमध्ये एक डुक्कर, एक मांजर, एक कुत्रा. कोण बरोबर?

कुल पाहिल्याशिवाय वाद मिटणार नाही. खवले मांजर, मॅनिस क्रॅसिकॉडाटा, कुल मॅनिडी, गण फोलिडोटा. हा गणच वेगळा, त्यात खवलेवाले मुंगीखाऊ सोडून दुसरं कोणी नाही. डुक्कर तर नाहीच, मांजरही नाही. गंमत अशी की जनुकांच्या अभ्यासातून या गणाचा सगळ्यात जवळचा नातेवाईक निघाला मांसाहारी गण, ज्यात मांजरं येतात. दूरची सोयरीक म्हणायला हरकत नाही.

उदमांजराचं कुल व्हायव्हेरिडी. फेलिडी नाही, पण गण मांसाहारी आणि त्यातही मार्जारसदृश उपगण. इथे दोन्ही भाषा निम्म्या बरोबर.

पाणमांजर, ल्युट्रोगेल पर्स्पिसिलाटा, कुल मस्टेलिडी. गण मांसाहारीच, पण उपगण श्वानसदृश. म्हणजे नीरुनायी म्हणणारा कन्नडिगा इथे आपल्यापुढे गेला, हे कबूल करायला हवं.

तिन्हीपैकी एकही फेलिडी कुलातलं नाही. खरी मांजरं पाहिजेत तर रानमांजर फेलिस चाउस आणि वाघाटी प्रायोनेल्युरस रुबिजिनोसस घ्या.

तरसाचं नेमकं उलटं. दिसायला कुत्रा, चालणं कुत्र्याचं, आणि लिनियसलाही तसंच वाटलं. हायना हायना (लिनियस, १७५८) या नावात कंस आहे तो म्हणूनच, कारण त्याने याला कॅनिस हायना म्हटलं होतं. आज कुल हायनिडी, उपगण मार्जारसदृश. नातं लांडग्याशी नसून मांजर आणि मुंगसाच्या बाजूचं.

आणखी एक सापळा गणाच्या नावात आहे. मांसाहारी गण म्हणजे मांस खाणाऱ्यांचा गण असं मुलं लिहितात. आपलं अस्वल वाळवी, मुंग्या, मध आणि फळं खातं, तरी त्याच गणात. वर्गीकरण वंशावरून ठरतं, ताटात काय आहे त्यावरून नाही.

सापांत कुलाचा उपयोग याहून गंभीर आहे. नाग आणि मण्यार इलॅपिडी कुलातले, त्यांचं विष प्रामुख्याने मज्जासंस्थेवर जातं. घोणस आणि फुरसं व्हायपरिडी कुलातले, त्यांचं मुख्यतः रक्तावर. भारतातलं बहुविध प्रतिविष या चौघांसाठी बनतं. जांबोटीच्या जंगलात दिसणारा चापडाही व्हायपरिडीतच येतो, पण तो या चौघांत नाही. कुल एक म्हणून औषध एक, असं समजू नका. आणि साप चावला असेल तर ओळख पटवायला साप मारत किंवा पकडत बसू नका, थेट दवाखाना गाठा.

कुलाच्या वरचे मजले मी भराभर पार करतो, तुम्हीही करा. वर्ग सस्तन, पक्षी, सरीसृप, उभयचर, मासे हे ओळखीचेच. संघ समपृष्ठरज्जू, म्हणजे आयुष्यात कधीतरी पाठीत आधाराची दोरी असणारे. सृष्टी प्राणी. कीटक आणि खेकडे संधिपाद संघात. एवढं पुरे.

नाव बदललं तर

नावं बदलतात याचा राग येणं साहजिक आहे, पण बदलण्यामागे बहुधा तीनच कारणं असतात.

एक, आधीचं नाव सापडणं. साइक्सने १८३१ साली दख्खनच्या रानकुत्र्याला, म्हणजे कोळसुंद्याला, कॅनिस दुखुनेन्सिस नाव दिलं. ‘दुखुन’ म्हणजे दख्खन. पण पलास यांनी १८११ सालीच त्याच जातीचं वर्णन केलं होतं. जुनं नाव जिंकतं, म्हणून आज क्युऑन अल्पायनस (पलास, १८११). दुखुनेन्सिस हे पर्यायी नाव, शास्त्राच्या भाषेत कनिष्ठ समनाम. लांडग्यावर मात्र साइक्सचं नाव टिकलं, कॅनिस ल्युपस पॅलिपेस साइक्स, १८३१. तीन शब्द आले की तिसरा उपजातीचा.

दोन, प्रजाती बदलणं. चिरक पक्षी जुन्या पुस्तकांत सॅक्सिकोलॉइडिस फुलिकॅटस आहे, आता त्याला दयाळाच्या कॉप्सिकस प्रजातीत घेतात. दुसरा शब्द तोच राहतो, म्हणून शोधताना त्यावरूनच माग काढा.

तीन, एका जातीच्या अनेक होणं. नागराज सगळीकडे ओफिओफेगस हॅना म्हणून ओळखला जाई. २०२४ साली त्याच्या चार जाती मानल्या गेल्या आणि पश्चिम घाटातल्या जातीला ओफिओफेगस कालिंगा हे नाव मिळालं, कन्नडमधल्या कालिंग सर्पावरून. २०२४ च्या आधी छापलेलं कुठलंही पुस्तक हे सांगणार नाही. नावात नाग असला तरी प्रजाती नाजा नाही, हेही जाता जाता पाहून ठेवा.

आजचं मान्य नाव तपासायचं तर सापांसाठी रेप्टाइल डेटाबेस, माशांसाठी फिशबेस, पक्ष्यांसाठी ईबर्ड उघडा. मोबाईलवर चालतात. जुनं नाव टाकलं तरी बहुतेक वेळा नवं दाखवतात.

वही कशी ठेवायची

एका प्राण्याला एक पान. वरच्या ओळीत गावातलं नाव, ते कोणत्या गावचं आणि कोणत्या भाषेतलं. नावं सांगणाऱ्याला सुधारू नका, तो म्हणेल तसं लिहा. खाली शास्त्रीय नाव रोमनमध्ये, लेखक आणि सालासकट, कंस असेल तर कंसासह. मग कुल, गण, वर्ग. शेवटी तारीख, जागा आणि ओळख कशावरून पटवली ते.

सुरुवात भुतरामनहट्टीच्या प्राणिसंग्रहालयातून करा, पाटीवरचं नाव पाहून उतरवा आणि घरी येऊन तपासा. हिवाळ्यात घटप्रभेच्या पक्षी अभयारण्यात, धुपदाळच्या पाण्यावर पाहुणे पक्षी येतात. कांड्या करकोचा दिसला तर त्याची प्रजाती जुन्या पुस्तकात अँथ्रोपॉइडिस आणि नव्या यादीत ग्रस सापडेल. वर सांगितलेलं दुसरं कारण इथे स्वतः लावून पाहता येईल.

ओळख पक्की नसेल तेव्हा काय लिहायचं, हे फार थोडे जण शिकवतात. प्रजाती कळली पण जाती नाही, तर प्रजातीपुढे ‘एसपी’ आणि टिंब. एकाच प्रजातीच्या अनेक जाती असतील तर ‘एसपीपी’. अमुक जातीसारखं दिसतं पण पडताळायला हवं, तर दोन शब्दांच्या मध्ये ‘सीएफ’. ही अक्षरं तिरपी करायची नाहीत आणि त्यांच्याखाली रेघही मारायची नाही. पावसाळ्यात चोर्ल्याच्या रस्त्यावर बेडूक दिसला आणि नुसतं कुल ओळखता आलं, तर कुलच लिहा आणि बाकी जागा कोरी सोडा. फोटो काढताना पाठ, पोट, बोटं आणि बाजूला मापासाठी एखादं नाणं येऊ द्या, म्हणजे ती जागा पुढे कधीतरी दुसऱ्या कोणाला भरता येईल.